सासूबाई पाचव्या टेकला गेल्या

इमारतीत त्यांना सगळे मालिकावाले म्हणत. जसे पेपरवाले, दूधवाले, तसे मालिकावाले. त्यात अपमान नव्हता असं ते स्वतःला समजावत, पण दूधवाले आणि मालिकावाले ह्या दोघांबद्दलची इमारतीची तक्रार एकच होती. रोज येतं खरं, पण हल्ली पाणी फार.

पाणी घालायचा दोष त्यांचा नव्हता. टीव्हीवर रोज चालणाऱ्या मालिका ते दुसऱ्यांसाठी लिहीत, आणि किती पाणी घालायचं ते निर्माते ठरवत. एका नायिकेचा भाऊ तिसऱ्यांदा जिवंत करा असं फर्मान आलं, तेव्हा मात्र त्यांचा संयम सुटला. भर बैठकीत ते उभे राहिले आणि म्हणाले, "लेखकालाही काही स्वाभिमान असतो!" वाक्य उत्तम पडलं. पण वळताना कोटाचा खिसा खुर्चीच्या हातात अडकला, टर्रकन फाटला, आणि तो स्वाभिमान त्यांना एका हातानं झाकून बाहेर न्यावा लागला.

त्या फाटक्या खिशातून पुढचं सगळं निघालं. घरी आल्या आल्या त्यांनी जाहीर केलं, "आता मी स्वतः निर्माता होणार."

"बरं," बायको म्हणाली. ती नोकरीवरून नुकतीच आली होती आणि चपला काढत होती. "आधी खिसा शिवून घ्या."

वाहिनीनं त्यांची कथा पसंत केली. वाहिनीवरच्या ज्या बाई कथा निवडत त्या म्हणाल्या, "सर, आम्हाला नवीन काही नको. पण वेगळं हवं." हे वाक्य दुसरा कोणी ऐकून वेडा झाला असता. मालिकावाल्यांना ते तत्काळ कळलं, हीच त्यांची आयुष्यभराची विद्या होती. कथा होती एका कजाग सासूची आणि तिच्या सोशिक सुनेची. सासू सुनेला छळणार, सून सोसणार, आणि प्रेक्षक रात्रीचं जेवण करता करता दोघींवर चिडणार.

शूटिंगसाठी ठरवलेला बंगला आयत्या वेळी हातचा गेला. बंगल्याच्या मालकांना नायकाचे वडील व्हायचं होतं आणि त्यांचा 'श' चा 'स' होत होता. मालिकावाल्यांनी रात्रभर विचार केला नाही, विचार करायला वेळच नव्हता. त्यांनी आपल्याच घराकडे पाहिलं.

"दिवाणखान्यात कॅमेरा," बायको बोटांवर मोजत म्हणाली, "जेवणघरात दिवे, गॅलरीत मेकअप. आणि आपण?"

"मागच्या खोलीत."

"तिथे आई राहते."

"आईंना विचारलं मी. त्या म्हणाल्या, तेवढीच सोबत."

सासूबाईंचं सगळंच तसं असे. त्या लेकीकडे राहायला आल्यापासून घरात त्यांचा आवाज कुणी ऐकला नव्हता. त्या कुठल्या खोलीत आहेत हे फक्त तिथल्या आवरलेल्या वस्तूंवरून कळायचं.

आता परवानग्या. इमारतीचे सेक्रेटरी म्हणजे एका सरकारी खात्यातून निवृत्त झालेले गृहस्थ. निवृत्त फक्त शरीरानं झालेले. ते म्हणाले, "शूटिंगला आमची काहीच हरकत नाही. फक्त आवाज नको, उजेड नको आणि बाहेरची माणसं नकोत." मग आवाज खाली आणून म्हणाले, "गेटजवळून जाणारा एखादा माणूस लागेल ना तुम्हाला? साधाच. पण विचारी चेहऱ्याचा." त्यांना तशी भूमिका दिल्यावर आवाज, उजेड आणि माणसं तिन्ही मंजूर झाली.

अग्निशमन कार्यालयातल्या कारकुनाला मात्र कुठल्याच भूमिकेची हाव नव्हती. मालिकेत सून सारखी स्वयंपाकघरात असणार, म्हणजे शेगडी पेटणार, म्हणजे परवानगी हवी.

"स्वयंपाक खरा की खोटा?" कारकुनानं विचारलं.

"खोटा. म्हणजे अभिनयाचा."

"मग व्यावसायिक. व्यावसायिकला दोन जिने लागतात. तुमच्या घराला जिने किती?"

"घराला जिना कसा असेल? इमारतीला एक आहे."

"मग नाही मिळणार."

"आणि स्वयंपाक खरा केला तर?"

"खऱ्याला कशाला लागते परवानगी? तुमचं घर, तुमची शेगडी." कारकून त्यांच्याकडे कीव आल्यासारखं बघत म्हणाला. "खराच करत होतात तर आलात कशाला इथे?"

अशा रीतीनं मालिकेत रोज खरा स्वयंपाक करायचं ठरलं. आता खऱ्या स्वयंपाकाला खरं माणूस लागतं. नायिकेला कढई कुठल्या बाजूनं धरतात हे ठाऊक नव्हतं आणि बायको कामावर. उरल्या सासूबाई. कॅमेऱ्यात न येता मागे उभं राहून भाजी परतायची, एवढंच त्यांचं काम.

पहिल्या दिवशी सगळं सज्ज झालं आणि कजाग सासूची भूमिका करणाऱ्या बाईंचा निरोप आला. त्यांना दुसऱ्या मालिकेत दुहेरी भूमिका मिळाली होती. खलनायिका, आणि तिच्याहून दुष्ट अशी तिची जुळी बहीण. एका घरात एकच दुष्ट होण्यासाठी त्या आता काय म्हणून येतील?

मालिकावाले मटकन खाली बसले. दिग्दर्शक शांतपणे कॅमेऱ्यातून बघत होता. तो तसा फार बोलणारा नव्हता. बघता बघता म्हणाला, "सर, ह्या कोण?"

कॅमेऱ्याच्या चौकटीत सासूबाई उभ्या होत्या. भाजीवरचं झाकण काढून, वाफेतून चेहरा मागे घेऊन, मीठ पुरेसं आहे की नाही ह्याचा विचार करत होत्या.

"ह्या माझ्या सासूबाई."

"झालं तर मग," दिग्दर्शक म्हणाला. "सासूच हवी होती ना?"

सासूबाई नको नको म्हणाल्या. जावयाचा चेहरा पाहिला आणि हो म्हणाल्या. हे पुढे मालिकावाल्यांना फार वेळा आठवलं, आणि दर वेळी नको त्या जागी आठवलं. लिफ्टमध्ये, दाढी करताना.

पहिलाच प्रसंग ताट भिरकावण्याचा होता. सुनेनं वाढलेलं ताट सासू भिरकावते आणि म्हणते, "हे जेवण आहे की शिक्षा?"

"भरलेलं ताट?" सासूबाईंनी विचारलं.

"हो आई."

"मी मघाशी केलेली भाजी?"

"अभिनय आहे आई."

"अभिनय माझा. भाजी खरी आहे ना?" त्यांनी ताटाकडे पाहिलं, नायिकेकडे पाहिलं. नायिकेच्या डोळ्यांत ग्लिसरीन घातलेलं, ती घळाघळा रडत होती. कॅमेरा चालू झाला. सासूबाईंनी ताट उचललं, जरा थांबल्या, आणि ते नायिकेच्या पुढ्यात ठेवून म्हणाल्या, "तू जेवली आहेस का? जेव आधी. मग बोलू."

दिग्दर्शक 'कट' म्हणायला विसरला. नायिका जेवली. सकाळपासून तिनं खरंच काही खाल्लं नव्हतं.

मालिकावाल्यांनी कपाळाला हात लावला. पण भाग तसाच गेला, कारण दुसरा नव्हता. आणि काय आश्चर्य, तो लोकांनी डोक्यावर घेतला. कजाग वाटणारी सासू मध्येच अशी बोलते म्हणजे हिच्या मनात आहे तरी काय, ह्यावर घरोघर वाद रंगले. वाहिनीच्या बाईंचा फोन आला, "सर, आजींनी प्रेक्षकांचा ग्राफ उचललाय!" आजी हेच त्यांचं नाव पडलं. फळवाला त्यांच्यासाठी फळं निवडून देऊ लागला. समोरच्या काकू, ज्यांनी इतकी वर्षं सासूबाईंना फक्त 'पाणी आलं का?' एवढाच प्रश्न विचारला होता, त्या रोज येऊन सल्ले देऊ लागल्या. "सुनेला इतकं डोक्यावर बसवू नका हं," त्या म्हणत. त्यांच्या स्वतःच्या सुनेलाही ते ऐकू जाईल अशा बेतानं म्हणत.

सासूबाई सकाळी सगळ्यांच्या आधी उठून संवाद पाठ करू लागल्या. मागच्या खोलीतून त्यांचा आवाज येई. त्या घरात इतका आवाज त्यांनी आजवर कधी केला नव्हता.

अडचण एकच होती. त्यांना दुष्टपणा जमत नव्हता. जमत नव्हता म्हणजे, पटत नव्हता. दुधात विष कालवण्याचा प्रसंग आला तेव्हा त्या हातात पेला घेऊन उभ्याच राहिल्या.

"पण कशासाठी? तिनं काय केलंय?"

मालिकावाल्यांनी सविस्तर समजावलं. घर सासऱ्यांनी सुनेच्या नावावर केलंय, ते सासूला सलतंय, सून गेली की घर परत मिळेल. ह्या घरावरून मालिका वर्ष दीड वर्ष सहज ओढता येईल अशी त्यांची मांडणी होती.

"अहो, मग तिला विचारते ना समोर बसवून," सासूबाई म्हणाल्या.

आणि कॅमेरा चालू असताना त्यांनी तिला समोर बसवलं, विष नसलेलं दूध दिलं आणि विचारलं. नायिकाही त्या ओघात म्हणून गेली, "आई, घर तुमचंच आहे, मला नकोय ते." संपलं. वर्ष दीड वर्षाची इस्टेट एका दुधाच्या पेल्यात निकालात निघाली. मालिकावाले मॉनिटरसमोर बसून आपलं कथानक मरताना बघत होते आणि सेटवरचे लोक डोळे पुसत होते.

त्यानंतर मालिकेत घडण्यासारखं काही उरलंच नाही. सासू सुनेला स्वयंपाक शिकवी, सून सासूला मोबाइल शिकवी. सेक्रेटरी गेटजवळून विचारी चेहऱ्यानं जात. ग्राफ खाली यायला लागला.

वाहिनीच्या बाईंनी मालिकावाल्यांना बोलावून घेतलं. "आजी गोड आहेत सर. पण गोडाचा ग्राफ सपाट असतो. आजींना आता जायला हवं."

"कुठे?" मालिकावाल्यांनी आशेनं विचारलं. भावाकडे पाठवता आलं असतं, परदेशी पाठवता आलं असतं.

बाईंनी वर पाहिलं. मालिकावाल्यांनीही वर पाहिलं. वर एअरकंडिशनर होता.

"नाहीतर मालिकाच बंद करावी लागेल," बाई हळूच म्हणाल्या.

इथे खरं तर ते पुन्हा उभे राहू शकले असते. लेखकालाही काही स्वाभिमान असतो, हे वाक्य त्यांना पाठ होतं. पण पहिल्यांदा ते दुसऱ्याच्या मालिकेसाठी म्हटलं होतं, आणि आता मालिका स्वतःची होती. ते म्हणाले, "बघतो."

सासूबाईंना सांगायचं, एवढंच काम होतं. संध्याकाळी ते चहाचे दोन कप घेऊन मागच्या खोलीत गेले. आयुष्यात प्रथमच जावई स्वतः चहा घेऊन आल्याचं पाहून सासूबाई गडबडून उठल्या. त्या उद्याच्या कपड्यांना इस्त्री करत होत्या.

"कालच्या भागात माझा आवाज बारीक आला का हो?" त्यांनी विचारलं. "उद्या मोठ्यानं बोलते. आणि एक सांगू का जावईबापू? हसू नका. काल फळवाल्यानं सही मागितली. मी म्हटलं, अहो सही कसली, मी घरातली बाई. तो म्हणाला, असूद्या." त्यांनी इस्त्री बाजूला ठेवली. "केली सही. नीट नाही आली. सवय नाही ना."

मालिकावाले दोन्ही कप घेऊन परत आले. दोन्ही भरलेलेच होते.

"काय बोलायचं होतं आईशी?" बायकोनं विचारलं.

"कथेत एक वळण आहे."

"जे असेल ते सरळ सांगा तिला."

"हो हो," ते म्हणाले, आणि सरळ खाली उतरून सेक्रेटरींकडे गेले.

सेक्रेटरींनी सगळं ऐकून घेतलं. "आमच्या खात्यात कोणाला घालवायचं असलं की आम्ही आधी सत्कार करायचो," ते म्हणाले. "माणूस ओशाळतो. मग काही बोलत नाही."

दुसऱ्या दिवशी सेटवर मालिकावाल्यांनी सासूबाईंना भला मोठा पुष्पगुच्छ दिला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. सासूबाई खरोखरच ओशाळल्या, मग हसत म्हणाल्या, "असं काय करताय? मी काय निवृत्त होतेय?" टाळ्या थांबल्या. ज्यांना ठाऊक होतं त्यांनी आपापल्या वायरी तपासायला घेतल्या. म्हणजे जवळजवळ सगळ्यांनीच.

मग मालिकावाल्यांनी जी युक्ती काढली, ती काढताना त्यांना स्वतःचंही थोडं कौतुक वाटलं होतं, हे कबूल करायला हवं. सासूबाईंना न सांगताच त्यांना मारायचं. त्यांच्या हातातल्या कागदावर लिहिलं, 'आजी झोपल्या आहेत.' बाकीच्यांच्या कागदावर लिहिलं, 'आजी गेल्या.' नंतर कधीतरी, भाग दाखवला जाईल तेव्हा, कसंतरी, बघू.

"सर, हे बरं दिसत नाही," दिग्दर्शक म्हणाला. इतक्या महिन्यांत त्याचं हे सगळ्यात मोठं वाक्य होतं.

"कधी कधी कलेसाठी..." मालिकावाले म्हणाले आणि मॉनिटरच्या मागे जाऊन बसले. तिथून त्या दिसतील, पण त्यांना आपण दिसणार नाही, अशी जागा त्यांनी मुद्दाम निवडली होती.

सासूबाई पलंगावर आडव्या झाल्या, डोळे मिटले. नायिका उशाशी बसली. कॅमेरा चालू झाला. नायिकेनं हुंदका दिला. तो ग्लिसरीनचा नव्हता, तिला ह्या बाईंचा लळा लागला होता. सासूबाई ताडकन उठून बसल्या. "काय झालं गं?"

कट.

"आई, तुम्ही गाढ झोपला आहात," मालिकावाले मॉनिटरमागून ओरडले.

"ती रडत असताना?"

"तिला वाईट स्वप्न पडलंय."

"झोपलेय मी आणि स्वप्न हिला?" असं म्हणून त्या पुन्हा आडव्या झाल्या. नायिकेला आवाज न करता रडायला सांगितलं. तिनं प्रामाणिकपणे तसंच केलं, पण एक थेंब सासूबाईंच्या मनगटावर पडला. त्यांनी एक डोळा किलकिला केला. "रडतेच आहेस तू." कट.

तिसऱ्या वेळी डॉक्टर आले. डॉक्टर झालेल्या नटाला फक्त नाडी बघून मान हलवायची होती. पण त्यानं उभ्या कारकिर्दीत डॉक्टरच केले होते, सवय कुठे जाणार? त्यानं चष्मा काढला आणि खोल आवाजात म्हणाला, "सॉरी."

"तुम्ही कशाला सॉरी?" सासूबाई डोळे मिटूनच म्हणाल्या. "झोप मला लागत नाहीये."

कोणीतरी फसकन हसलं आणि लगेच गप्प झालं. चौथ्या वेळी डॉक्टरांनी काही न बोलता चादर वर ओढली, गळ्यापर्यंत, हनुवटीपर्यंत, आणि मग चेहऱ्यावरून.

चादर थोडा वेळ तशीच राहिली. मग आतून हात आला आणि त्यानं ती सावकाश खाली केली. सासूबाई छताकडे बघत होत्या. मग त्यांनी एकेकाकडे पाहिलं, नायिकेकडे, डॉक्टरांकडे, दिव्यांमागच्या लोकांकडे. कोणीच नजर देईना.

"मला मारताय होय?" त्यांनी विचारलं.

डॉक्टरांनी चष्मा पुसायला काढला.

"जावईबापू, इकडे या."

मालिकावाले उठले. मॉनिटरच्या वायरीत पाय अडकला, सावरले, दिव्यांच्या झोतात येऊन उभे राहिले. त्यांच्याच घरात, त्यांच्याच पलंगाजवळ, आणि हात कुठे ठेवायचे ते कळेना.

"मी गेलेय का ह्यात?"

"हो. म्हणजे... कथेच्या दृष्टीनं."

"मग आधी सांगायचं होतंत. मी नीट गेले असते." त्या रागावल्या नव्हत्या, हेच वाईट होतं. "कशानं गेले?"

ते मालिकावाल्यांनी ठरवलंच नव्हतं.

"इतकं लिहिता आणि बाई कशानं गेली तेवढं ठरवलं नाहीत?" त्यांनी चादरीची सुरकुती हातानं साफ केली. "हृदयविकार लिहा. आमचे हे त्यानंच गेले." मग जरा थांबून, जशी एखादी जुनी गोष्ट सहज आठवावी तशा म्हणाल्या, "तेव्हाही हॉस्पिटलात तुम्हीच बाहेर आला होतात. म्हणालात, आई, ते झोपलेत, आत जाऊ नका. मी बाकावर बसून राहिले तासभर. झोपमोड नको म्हणून."

मालिकावाल्यांना आपले कान तापल्याचं जाणवलं. सगळं युनिट ऐकत होतं. तेव्हाही त्यांनी 'बघू नंतर' असंच ठरवलं होतं. तेव्हाही वाटलं होतं, आपण त्यांना जपतोय.

"चला," सासूबाई म्हणाल्या. "लोक खोळंबलेत."

पाचव्या टेकला त्या गेल्या. आधी डोळे उघडून नायिकेकडे पाहिलं, तिचा हात हातात घेऊन थोपटला, काहीतरी बोलायला ओठ हलले आणि बोलणं तिथेच राहिलं. हात सैल झाला. बस्स, एवढंच. संवाद नाही, संगीत नाही. दिग्दर्शकाला 'कट' म्हणता येईना. डॉक्टर झालेला नट चष्मा काढायचा विसरून चष्म्यासकट डोळे पुसत होता. शेवटी पलंगावरूनच आवाज आला, "झालं का?"

त्या उठल्या, तोंड धुतलं, मागच्या खोलीत गेल्या आणि आतून कडी लावली. त्या घरात ती कडी कधी कुणी लावल्याचं मालिकावाल्यांना आठवत नव्हतं.

संध्याकाळी बायको आली. तिला नायिकेनं जिन्यातच सगळं सांगितलं होतं. ती काही ओरडली नाही. भाजी गरम केली, ताट मांडलं आणि भिंतीकडे बघून म्हणाली, "ज्यांना जेवायचं असेल त्यांनी जेवावं." मालिकावाले इतकी वर्षं 'अहो' होते. त्या दिवशी ते 'ज्यांना' झाले आणि बरेच दिवस 'ज्यांना'च राहिले.

भाग दाखवला गेला आणि इमारत हादरली. समोरच्या काकू सांत्वनाला आल्या. सांत्वन कुणाचं करायचं ते त्यांना आल्यावर कळेना, तेव्हा त्यांनी सासूबाईंचंच केलं. "फार लवकर गेलात हो," त्या सासूबाईंचा हात धरून म्हणाल्या. फळवाल्यानं मालिकावाल्यांना फळं द्यायचं नाकारलं. "आजींना पाठवा," तो म्हणाला, "त्यांना देतो." सेक्रेटरी लिफ्टमध्ये भेटले, तीन मजले मान खाली घालून राहिले आणि बाहेर पडताना म्हणाले, "सत्कार कमी पडला बहुतेक." मालिकावाले जिन्यानं जाऊ लागले. जिन्यातही लोक भेटत, पण तिथे निदान चालता तरी येई.

त्या आठवड्यात ग्राफ आभाळाला भिडला. पुढच्या आठवड्यात तो कोसळला, कारण माणसाला पुन्हा पुन्हा मारता येत नाही. वाहिनीच्या बाईंचा फोन आला. "सर, आजींना जुळी बहीण होती असं दाखवलं तर?"

मालिकावाल्यांना हो म्हणायची इतकी सवय होती की 'हो' ओठांवर येऊन पोचलंही होतं. ते त्यांनी गिळलं. "नाही," ते म्हणाले. "त्या एकट्याच होत्या." मालिका बंद झाली. कामगार येऊन दिवे घेऊन गेले, वायरी घेऊन गेले. दिवाणखान्याच्या भिंतीला भोकं तेवढी राहिली.

त्या रिकाम्या दुपारी ते मागच्या खोलीच्या दाराशी गेले. सासूबाई खिडकीशी बसल्या होत्या. मालिकावाल्यांनी घसा खाकरला. "आई, माणूस जेव्हा स्वतःच्या भीतीपुढे हरतो, तेव्हा..."

"हे लिहिलेलं वाटतंय," सासूबाई म्हणाल्या.

लिहिलेलंच होतं. सकाळी दोनदा खोडून तिसऱ्यांदा लिहिलं होतं. ते दाराची चौकट धरून तसेच उभे राहिले, आणि मग जे तोंडाला आलं ते आलं. "माझं चुकलं."

सासूबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. "दोन्ही वेळेला?"

"दोन्ही वेळेला."

"बरं," त्या म्हणाल्या. "बसा. उभे का?"

पुढे काही महिन्यांनी एका दुसऱ्या निर्मात्यांचा निरोप आला. नव्या मालिकेत त्यांना आजी हव्या होत्या, आणि लेखक म्हणून, चालत असेल तर, मालिकावालेही चालणार होते. ह्या क्रमाचा अपमान त्यांना वाटायला हवा होता. वाटला नाही, किंवा वाटून घ्यायची हिंमत झाली नाही. सासूबाईंनी एकच अट घातली. सगळी कथा आधी मला सांगायची. हे निर्मात्यांना नाही, जावयाला सांगितलं.

मालिकावाले कागद घेऊन त्यांच्यासमोर बसले. बायकोही येऊन बसली. ती अजून पूर्णपणे 'अहो'वर आली नव्हती, पण तिनं चहाचे तीन कप आणले होते.

"मी आहे ना हो ह्यात शेवटपर्यंत?" सासूबाईंनी विचारलं.

निर्मात्यांनी निक्षून बजावलं होतं, आजींना एवढ्यात काही कळू देऊ नका. मालिकावाल्यांचे कान पुन्हा तापले. त्यांनी कप खाली ठेवला. "नाही आई. मध्येच जाता तुम्ही. आणि हे तुम्हाला सांगू नका असं मला सांगितलंय."

बायकोनं मान वर करून त्यांच्याकडे पाहिलं. सासूबाईंनी चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला.

"कशानं जाते?"

"जिन्यावरून पडून."

"आपली आपण की कोणी ढकलतं?"

"धाकटी सून ढकलते."

सासूबाईंचा चेहरा काळजीनं भरला. "कोण करतेय ती? नवी मुलगी आहे का?"

"हो. पहिलंच काम आहे तिचं."

"मग तिला आधी घरी चहाला बोलवा," सासूबाई म्हणाल्या. "बिचारी घाबरली असेल."